फ्रीजमधल्या बर्फाबद्दल: एका प्रतिक्रियेला उत्तर

आपली प्रतिक्रिया मी तीनदा वाचली. पहिल्यांदा वाचली त्या रात्रीच उत्तर लिहायला घेतलं आणि पुसून टाकलं. आज सकाळी पुन्हा वाचली तरी आतून तोच सूर उमटला, म्हणून आता सविस्तरच लिहिते.

इतर वाचकांना संदर्भ कळावा म्हणून सांगते. हिमवादळं आणि ध्रुवमोहिमांवरची पुस्तकं मी ऐन मे महिन्यात का वाचते, असा माझा मागचा लेख होता. त्यावर या वाचकांनी चार गोष्टी लिहिल्या. दक्षिण ध्रुवावरून परतताना वाटेतच मरण पावलेल्या इंग्रज कॅप्टन स्कॉटच्या शेवटच्या तंबूपासून अन्न-इंधनाच्या पुढच्या साठ्यापर्यंतचं अंतर मी चुकीचं दिलं, ही पहिली. या मोहिमा म्हणजे साम्राज्यांची झेंडे रोवण्याची चढाओढ होती आणि मी त्यावर अवाक्षर काढलं नाही, ही दुसरी. ही पुस्तकं इंग्रजीत, मग लातूरच्या वाचकाला त्याचा उपयोग काय, ही तिसरी. आणि शेवटी हे वाक्य, जसंच्या तसं देते: ‘ताई, फ्रीजमधल्या बर्फापलीकडे आयुष्यात बर्फ न पाहिलेल्या बाईने लातुरात बसून हिमवादळांवर लिहिणं ही दुष्काळाकडे पाठ करून केलेली हौस आहे.’

अंतराचं आपण बरोबर सांगितलंत. मी ११ किलोमीटर लिहिलं होतं. ते ११ मैल आहेत, तेही सागरी, म्हणजे साधारण २० किलोमीटर. लेखात दुरुस्ती केली आहे. उपाशी, पाय गोठलेल्या माणसांच्या बाबतीत ११ आणि २० मध्ये फार मोठा फरक असतो, त्यामुळे ही चूक मी लहान मानत नाही. आभार.

आता त्या वाक्याकडे येते. आपण मला ताई म्हणालात, म्हणून मीही दादा म्हणते. दादा, ‘बाईने’ हा शब्द तिथे कशाला हवा होता? तो काढला तरी वाक्याचा अर्थ तोच राहतो, फक्त टोचणी जाते. मी ३१ वर्षं जिल्हा परिषदेच्या शाळांत शिकवलं. फळ्यावर चुकीचं लिहिलं तर चौथीतलं पोरगंही उभं राहून ‘बाई, चुकलं’ म्हणायचं आणि मला कधी राग आला नाही. त्याचा सूर आणि आपला सूर यांत काय फरक आहे, तो आपल्याला कळत असणार.

बर्फ न पाहिलेली बाई. ठीक आहे. मार्च २०१४ ची गोष्ट सांगते. औसा तालुक्यातली दोन खोल्यांची शाळा, एका खोलीवर स्लॅब, दुसरीवर पत्रे. दुपारची सुट्टी होऊन गेली होती. रानात गहू काढणीला आलेला, हरभऱ्याचे ढीग घालून ठेवलेले. आभाळ आधी पिवळट झालं आणि मग बघता बघता काळंनिळं. पहिली गार पत्र्यावर पडली तेव्हा मला वाटलं कुणी धोंडा मारला. मी ४१ पोरं स्लॅबच्या खोलीत कोंबली आणि दार लावून घेतलं. तेवढ्यात एक बाप डोक्यावर पोतं घेऊन पळत आला, त्याला त्याची दोन लेकरं घरी न्यायची होती. घर समोरच, हाकेच्या अंतरावर. मी दारात आडवी उभी राहिले आणि नाही म्हटलं. तो काय काय बोलला ते इथे लिहीत नाही. शेवटी तोही आत येऊन लेकरांजवळ बसला.

गारा थांबल्या तेव्हा घोटा बुडेल इतका थर होता. मैदान पांढरं, बांध पांढरा, लिंबाखाली मेलेल्या साळुंक्या. त्या थरातून अशी थंडी वर येत होती की मार्चमध्ये पोरांचे दात वाजत होते. दुसऱ्या दिवशी दुपारीसुद्धा बांधाच्या सावलीला गारांचे ढीग होते आणि गहू सगळा जमिनीला लोळलेला. हा बर्फ फ्रीजमधला नव्हता, दादा.

पुढे २०१८ मध्ये माझ्या भाच्याने मला डेव्हिड लास्किन यांचं ‘द चिल्ड्रन्स ब्लिझर्ड’ हे पुस्तक पाठवलं. १२ जानेवारी १८८८ ला अमेरिकेत डाकोटा आणि नेब्रास्का भागात आलेल्या हिमवादळाचं पुस्तक. त्या दिवशी सकाळी हवा इतकी उबदार होती की पोरं जाड कोट न घालताच शाळेत गेली. नंतर वादळ आलं, तेही एकाएकी. पिठासारखा बारीक बर्फ वाऱ्यावर, आणि पसरलेला हात दिसेना. २३५ च्या आसपास माणसं गेली असं मानतात. त्यात कितीतरी शाळकरी मुलं, घराच्या वाटेवर सापडलेली.

त्या वादळाच्या हकिकतींत दोन मास्तरणी आहेत. मिनी फ्रीमनच्या शाळेचं छप्पर उडालं, तिने मुलांना घेऊन जवळचं शेतघर गाठलं आणि सगळी वाचली. लोइस रॉइसच्या शाळेतलं सरपण संपलं, तीही मुलांना घेऊन जवळच्याच घराकडे निघाली, आणि वाट चुकली. तीन लेकरं रात्री तिच्या कुशीत गेली. ती स्वतः जगली, पाय मात्र गमावले. दोघीही कोवळ्या वयाच्या, दोघींनीही पोरांसाठीच दार उघडलं होतं. हे वाचताना मी पुस्तक उलटं ठेवलं आणि उठून अंगणात गेले. मी दार उघडलं नाही, कारण माझ्या डोक्यावर स्लॅब होता. माझी ती ४१ पोरं पत्र्याखाली असती आणि पत्रा उडाला असता, तर मी काय केलं असतं? याचं उत्तर मला आजही देता येत नाही. आणि आपण याला हौस म्हणता.

फ्रीजचंही सांगते. आमच्या घरात फ्रीज आला १९९१ मध्ये. त्याआधीपासून आणि त्यानंतरही पुष्कळ वर्षं स्वयंपाकघरात राज्य होतं ते स्टोव्हचं. स्टोव्ह ज्यांनी वापरला त्यांना माहीत आहे, पंप मारला आणि हवा धरत नसेल तर आतला चामड्याचा वायसर सुकलेला असतो. तो काढायचा, तेलात भिजवायचा, बोटांनी पसरवून परत बसवायचा. हे काम माझी आई करायची, पुढे मी केलं. घरातल्या पुरुषांना वायसर कुठे असतो हेही ठाऊक नव्हतं.

स्कॉटच्या लोकांजवळही प्रायमसच होता, म्हणजे असाच पंपाचा स्टोव्ह. जाताना वाटेत ठरावीक अंतरावर अन्न आणि रॉकेलचे डबे पुरून ठेवायचे आणि परतताना ते उकरत यायचं, अशी रीत. परतीच्या वाटेवर साठ्यांमध्ये रॉकेल हिशेबापेक्षा कमी निघू लागलं. डबे फुटलेले नव्हते. झाकणाला चामड्याचे वायसर होते, ते कडाक्याच्या थंडीत निकामी झाले आणि रॉकेल हळूहळू उडून गेलं. स्कॉटच्या आधी ध्रुव गाठलेल्या नॉर्वेच्या अमुंडसेनने मात्र आपले डबे डाख लावून बंद केले होते. हे मी पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला कुठलाही नकाशा उघडावा लागला नाही. सुकलेला वायसर माझ्या बोटांना माहीत होता.

आणि रॉकेल गेलं म्हणजे फक्त ऊब गेली असं नाही. पाणी गेलं. ध्रुवावर सगळीकडे बर्फ असला तरी थेंबभर पाणी नसतं. बर्फ वितळवायला जाळ लागतो, नुसता तोंडात टाकला तर अंगातली उरलीसुरली ऊब तो खातो. अंटार्क्टिका हे जगातलं सर्वांत मोठं वाळवंट आहे. त्याच्या आतल्या भागात वर्षभरात जेवढा बर्फ पडतो, त्याचं पाणी केलं तर ५० मिलिमीटरही भरत नाही. आपल्या मराठवाड्यात सरासरीने ७०० च्या आसपास पाऊस होतो आणि आपण टँकरची वाट बघतो. तिथली हिमवादळंसुद्धा पुष्कळदा नव्याने पडणाऱ्या बर्फाची नसतातच, आधी पडलेलाच भुगा वारा उचलून नेतो, आपल्याकडे एप्रिलमध्ये नांगरलेल्या रानातून फुफाटा उठतो तसा.

मार्च १९१२ मध्ये त्या शेवटच्या तंबूत स्कॉटने लिहून ठेवलं की एका गरम जेवणापुरतं इंधन आणि दोन दिवसांचं अन्न शिल्लक आहे. दादा, हे वाक्य बर्फाचं नाही. ते डबा हलवून आत किती उरलं याचा आवाज ऐकणाऱ्या माणसाचं आहे. रेशनचं रॉकेल महिनाअखेरीला कुठवर पुरेल, हे माझी आई असाच डबा हलवून सांगायची. १९७२ च्या दुष्काळात मी आठ वर्षांची होते. आई खडी फोडायला जायची आणि संध्याकाळी लाल मिलोच्या, म्हणजे तेव्हा मिळणाऱ्या परदेशी ज्वारीच्या भाकरी मोजून थापायची, कुणाला किती ते आधीच ठरलेलं. तिच्या स्वतःच्या वाट्याला किती, हे आम्ही कधी विचारलं नाही. दुष्काळाकडे पाठ करून असं आपण लिहिता. ज्या पुस्तकांच्या पानापानांवर शिल्लक मोजलेली आहे, ती वाचताना मी दुष्काळाकडे पाठ कशी करते, ते मला समजावून सांगा.

अमेरिकन लेखिका लॉरा इंगल्स वाइल्डर यांचं १९४० चं ‘द लाँग विंटर’ घ्या. १८८० - ८१ चा हिवाळा, वादळामागून वादळ, आगगाडी बंद पडली, गावातला माल संपला. मग घरातल्या बाया-पोरी कॉफी दळायच्या छोट्या यंत्रात गहू दळतात, दिवसभर, पाळीपाळीने. कोळसा नाही म्हणून वाळलेल्या गवताचे पीळ देऊन ते चुलीत घालतात. गवत किती भरभर जळतं आणि हात किती सोलपटतात, हे तुराट्या-पऱ्हाट्यांवर स्वयंपाक केलेल्या बाईला वेगळं सांगावं लागत नाही. या पुस्तकात वीरपुरुष जवळजवळ नाहीतच. घर आहे, आणि गाडीची वाट बघणं आहे.

आम्हीही गाडीची वाट बघितली. मार्च २०१६ मध्ये लातूरमध्ये पाणी भरायच्या ठिकाणांभोवती जमावबंदी लागली होती. १२ एप्रिलला पहाटे मिरजेहून पहिली पाण्याची गाडी आली, १० वाघिणी, सुमारे ५ लाख लिटर. त्या उन्हाळ्यात मी दुपारी शाळेतून येऊन घागरी रांगेत लावत होते आणि रात्री स्कॉटच्याच मोहिमेतल्या चेरी-गॅरार्डचं ‘द वर्स्ट जर्नी इन द वर्ल्ड’ वाचत होते. १९११ च्या ध्रुवीय हिवाळ्यात, सलग काळोखात, उणे ६० अंशांपर्यंतच्या थंडीत तीन माणसं एम्परर पेंग्विनची अंडी आणायला गेली, ती हकिकत त्यात आहे. त्या तिघांत चेरी-गॅरार्डही होता, थंडीने त्याचे दात तडकले. एका वादळात तंबू उडून गेला आणि तो पुन्हा सापडला म्हणूनच ते परतले. मी ते वाचत होते कारण दुसऱ्या दिवशी पुन्हा रांगेत उभं राहायचं होतं, आणि माझ्या आधी कुणीतरी याहून वाईट दिवस एकेक करून काढले होते. तुम्ही स्वतःच लिहिलंय की तुम्ही मूळचे लातूरचे आणि २००९ पासून पुण्यात आहात. मग २०१६ च्या एप्रिलमध्ये तुमच्या नळाला पाणी येत होतं की नव्हतं, हे आधी सांगा. दुष्काळाकडे कुणी पाठ केली, ते आपण त्यानंतर ठरवू.

हे वाक्य कडक झालंय, मला कळतं. तरी ते ठेवते.

राहिलेले दोन मुद्दे. झेंड्यांचं म्हणाल तर हो, झेंडे होते, चढाओढही होती. त्यावर लिहिणारे अभ्यासक पुष्कळ आहेत, माझ्या लेखाचा तो विषय नव्हता. पुस्तकं इंग्रजीत आहेत हेही खरं. म्हणूनच मी त्यांच्याबद्दल मराठीत लिहिते. त्यातून कुणाला उपयोग होतो की नाही, हे माझ्या वाचकांना ठरवू द्या. बर्फ न पाहिलेल्या बाईचंच म्हणाल तर १९८३ - ८४ च्या भारतीय मोहिमेतून अंटार्क्टिकावर गेलेल्या पहिल्या दोन भारतीय स्त्रियांपैकी एक, अदिती पंत, नागपूरला जन्मलेल्या. नागपूरचा मे महिना कसा असतो ते तुम्हालाही माहीत असेल.

गारपिटीतल्या त्या दोन लेकरांपैकी थोरली आता परभणीला कृषी विद्यापीठात शिकते. लास्किन यांचं पुस्तक सध्या तिच्याकडे आहे. ते परत आलं की तुम्हाला वाचायला देईन, पुण्याहून आलात की घरी या. किलोमीटर मी दुरुस्त केले आहेत, ‘हौस’ हा शब्द तुम्ही दुरुस्त करा.