‘यांना वाजवता येत नाही’ : एका प्रतिक्रियेला लांबलेलं उत्तर

नमस्कार,

तुमची प्रतिक्रिया पहिल्यांदा वाचली ती ऑफिसातून येताना बसमध्ये, उभ्याउभ्या, आणि तिथेच एका अंगठ्याने तावातावाने उत्तर लिहायला घेतलं, नशिबाने पाठवायच्या आत रेंज गेली. बरंच झालं, कारण घरी येऊन परत वाचल्यावर लक्षात आलं की तुमचा एक मुद्दा शंभर टक्के बरोबर आहे, एक अर्धा बरोबर आहे, आणि बाकीच्यावर भांडायला मजा येईल. नाव लिहिलेलं नाहीत त्यामुळे दादा म्हणू की ताई म्हणू कळत नाही, तर नुसतं ‘तुम्ही’ चालवून घ्या.

ज्यांच्या नजरेतून सुटलं असेल त्यांच्यासाठी थोडक्यात. मागच्या आठवड्यात मी बीस्टी बॉइजच्या १९९२ च्या ‘चेक युअर हेड’ या अल्बमवर लिहिलं होतं, की एका रॅप ग्रुपने गिटार, बेस, ड्रम परत हातात घेतले आणि त्यातून काहीतरी वेगळंच निघालं. त्यावर तुमचं म्हणणं असं, की हे तिघे जन्मभर दुसऱ्यांचं उचलत आले, कोर्टाने सॅम्पलिंगवर (म्हणजे दुसऱ्याच्या रेकॉर्डमधला तुकडा कापून आपल्या गाण्यात वापरण्यावर) बडगा उगारला तेव्हा झक मारत वाद्यं घेतली आणि मी त्याला धाडस म्हणतोय. दुसरं, यांना वाजवता येत नाही, अर्धा अल्बम म्हणजे मित्रांच्या गच्चीवरची रिहर्सल. तिसरं, ते पंक (मोजक्या सुरांचं, धसमुसळं रॉक) वगैरे सगळं टीशर्टवर छापायपुरतं. शिवाय मी लिहिलेलं एक वाक्य साफ चूक आहे.

चुकीपासून सुरू करतो. मी ‘सो व्हॉट्चा वाँट’ या गाण्याबद्दल ‘अथपासून इतिपर्यंत बँडने वाजवलेलं’ असं ठोकून दिलं होतं. ते चूकच. साउथसाइड मूव्हमेंट नावाच्या फंक बँडच्या १९७३ च्या ‘आय हॅव बीन वॉचिंग यू’ या गाण्याचा तुकडा त्यात आहे आणि गाणं त्याच्यावरच उभं आहे. मूळ गाणं वीस वेळा तरी ऐकलं असेल मी, तरी लिहिताना उत्साहाच्या भरात घसरलो. पोस्टमध्ये दुरुस्ती केलीये, आभार. पण मला वाटतं ही चूक तुमच्यापेक्षा माझ्याच बाजूने जास्त बोलते, का ते खाली येतंय.

आता कोर्टाचं. तुम्ही ज्या निकालाबद्दल म्हणताय तो बिझ मार्की या रॅपरच्या केसचा. त्याने गायक गिल्बर्ट ओ’सुलिव्हनच्या गाण्यातला तुकडा वापरला होता, न्यूयॉर्कच्या कोर्टात न्यायाधीश डफी यांनी निकालाची सुरुवातच ‘चोरी करू नकोस’ या बायबलातल्या आज्ञेने केली आणि त्यानंतर अमेरिकेत सॅम्पल वापरायचं म्हणजे आधी वकील गाठा असं झालं. सगळं खरं. पण तारीख बघा ना. निकाल १७ डिसेंबर १९९१ चा आणि अल्बम दुकानात आला २१ एप्रिल १९९२ ला, म्हणजे मधे चारच महिने. चार महिन्यांत घाबरून वाद्यं आणली, वाजवायला बसले, वीस गाणी रेकॉर्ड करून मिक्स करून छापून मोकळे? अहो आमच्या सोसायटीत गॅदरिंगचा एक नाच चार महिन्यांत बसत नाही.

खरी गोष्ट आधीपासूनची आहे. १९८९ ला यांचा ‘पॉल्स बुटीक’ आला, डस्ट ब्रदर्स या निर्मात्यांबरोबर केलेला, शंभरावर गाण्यांचे तुकडे जोडून शिवलेली गोधडीच ती, आज लोक त्याला डोक्यावर घेतात पण तेव्हा पहिल्या अल्बमच्या मानाने तो आपटला. आपटल्यावर कंपनीचं लक्ष उडालं आणि लक्ष उडाल्यावर यांना कोणी विचारेना, आणि माझ्या मते यांच्या आयुष्यातली सगळ्यात भाग्याची गोष्ट हीच. लॉस एंजेलिसमधे ॲटवॉटर व्हिलेज नावाच्या भागात एक जागा घेऊन स्वतःचा स्टुडिओ थाटला, जी-सन नावाचा. आत बास्केटबॉल खेळायला लाकडी कोर्ट, स्केटबोर्डचा रॅम्प, आणि एका बाजूला वाद्यं. माइक डी ड्रमवर, ॲडम याउक बेसवर, ॲड-रॉक गिटारवर, आणि कीबोर्डवर मनी मार्क, जो मुळात यांच्याकडे फाटक दुरुस्त करायला आलेला सुतार! साउंडवाला मारिओ काल्डाटोने त्याला आणलेला. तर हे लोक तासन्‌तास वाजवत बसायचे, टेप चालू, आणि नंतर त्या ढिगातून दोन चांगल्या ओळी सापडल्या की त्या कापून त्यांचा लूप (तोच तुकडा परत परत) करायचे. म्हणजे स्वतःलाच सॅम्पल करायचे. याला घाबरून पळणं कसं म्हणायचं?

आणि घाबरलेच असते तर अल्बमची सुरुवात बघा. पहिलंच गाणं ‘जिमी जेम्स’, आणि त्याच्या तोंडी चीप ट्रिक या रॉक बँडच्या जपानमधल्या लाइव्ह कार्यक्रमातली घोषणा, की आता आमच्या नव्या अल्बममधलं पहिलं गाणं. स्वतःच्या नव्या अल्बमचं पहिलं वाक्य दुसऱ्याच्या तोंडून! पुढे गिटारवाला जिमी हेन्ड्रिक्स आहे, बॉब डिलनचा आवाज आहे. वर आठव्या नंबरला खुद्द बिझ मार्की येऊन बेसूर गातो, तोच तो, ज्याला कोर्टाने चोर म्हटलं. सॅम्पलिंग सोडलेल्या माणसांचं लक्षण दिसतं का हे?

पण ‘उचलेगिरी’ हा शब्द तुम्ही वापरलात त्यात एक ठिकाणी मी तुमच्या बाजूला येऊन बसतो. ‘पास द माइक’ मधली ती बासरी. ती जेम्स न्यूटनची आहे, ‘क्वायर’ नावाच्या त्याच्या रचनेतली, १९८२ च्या रेकॉर्डवरची. तो बासरीवर एकच सूर धरून ठेवतो आणि त्याच वेळी गळ्यातून गातो, आपल्या भाषेत सांगायचं तर बासरीचा सा धरून गळ्याने सा, कोमल रे, सा. अर्कान्सामधल्या खेड्यातल्या चर्चमधे चार कृष्णवर्णीय बायका गाताना त्याने लहानपणी ऐकल्या होत्या, ती आठवण त्या रचनेत आहे. यांनी त्यातले सहा सेकंद घेतले आणि गाण्यात चाळीसपेक्षा जास्त वेळा फिरवले. रेकॉर्ड कंपनीला हजार डॉलर देऊन ध्वनिमुद्रणाचं लायसन्स घेतलं होतं, पण रचनेचे हक्क न्यूटनकडे होते आणि त्याला कोणी विचारलं नाही. त्याने २००० मधे केस केली आणि हरला. अपील कोर्टातही दोन विरुद्ध एक मतांनी हरला, म्हणे तीन सूर आणि मागे धरलेला एक, एवढ्याशावर हक्क सांगता येत नाही.

कायद्याने असेल बरोबर. मला नाही पटत. कारण कागदावर ते तीन सूर आहेत पण ऐकताना ते तीन सूर नाहीयेत, तो त्या माणसाचा श्वास आहे, गळा आणि बासरी एकमेकांवर घासतात तो आवाज आहे, आणि नेमका त्यासाठीच तर यांनी तो घेतला, नाहीतर मनी मार्कने कीबोर्डवर वाजवले असते की तीन सूर. शिवाय गंमत बघा, याच लोकांनी पोरवयात एका विमान कंपनीला कोर्टात खेचलं होतं, यांच्या १९८३ च्या रेकॉर्डमधला तुकडा न विचारता जाहिरातीत वापरला म्हणून, आणि ४०,००० डॉलर मिळवले होते. आपला तो बाब्या. तेव्हा इथे तुमचा मुद्दा मान्य, अर्धा म्हणालो होतो तो हाच.

आता ‘वाजवता येत नाही’. इथे मात्र मी सोडणार नाही.

तुम्ही कशाशी तुलना करताय? सोलो घेणाऱ्याशी केली तर हे तिघे नापास, मनी मार्क सोडून. पण तबल्यावर नुसता ठेका धरून बसलेल्या माणसाला आपण ‘याला वाजवता येत नाही’ म्हणतो का? उलट दोन तास ठेका न हलू देणारा मिळाला तर गाणारे त्याला सोडत नाहीत. ‘ग्रॅटिट्यूड’ मधला बेस घ्या. कॉलेजात असताना मित्राचा बेस आणि कुणाचा तरी फझ पेडल (आवाज फाडणारं यंत्र) मागून आणून मी ती ओळ बसवायला घेतली होती, सूर सापडायला अर्धा तास लागला, एवढी सोपी. मग पुढचे कित्येक महिने ती वाजवतोय आणि ती तशी लागतच नाहीये. कधी घाईत, कधी साफसूफ, कधी उगाच मधे एखादा जास्तीचा सूर घालायचा मोह. याउक तो मोह टाळतो. तो एखाद्या जुन्या रेकॉर्डमधून कापलेल्या लूपसारखा वाजवतो, तेच, तेवढंच, परत, आणि आवाज एवढा फाटलेला की बेस आहे की बिघडलेला मिक्सर असा प्रश्न पडावा.

माझं सगळं म्हणणं या एका गोष्टीत आहे खरं तर, आणि मागच्या पोस्टमधे ते नीट मांडता आलं नव्हतं. ‘पॉल्स बुटीक’ करताना यांनी शेकडो रेकॉर्डमधल्या दोन-दोन ओळी शोधल्या, म्हणजे कुठल्या गाण्यात कुठला क्षण चांगला लागलाय, ड्रमचा कुठला ठोका खोलीत घुमतोय, हे ओळखायचा कान तयार झाला. त्या कानाने हे वाजवायला बसले. म्हणून वाजवलेलं सॅम्पलसारखं लागतं आणि सॅम्पल वाजवल्यासारखं, आणि म्हणूनच माझ्यासारखा माणूस ‘सो व्हॉट्चा वाँट’ला फसतो. (सारवासारव आहे, माहितीये. पण खोटी नाहीये.) बाकी ‘ग्रूव्ह होम्स’, ‘इन थ्रीज’ या वाद्यांच्या तुकड्यांत एखादा जरा पातळ आहे हे कबूल, वीसमधली दोन-तीन गेली असती तर मी रडलो नसतो. पण नंतर २००७ ला यांनी अख्खा वाद्यांचा अल्बम काढला, ‘द मिक्स-अप’, आणि त्याला ग्रॅमी मिळालं, तेव्हा गच्चीवरच्या रिहर्सलवाल्यांनी बराच पल्ला मारला म्हणायचा.

पंकचं म्हणाल तर अहो हा ग्रुप सुरूच पंक म्हणून झाला, १९८१ ला न्यूयॉर्कमधे, ड्रमवर तेव्हा केट शेलेनबाख होती, पहिली छोटी रेकॉर्ड १९८२ ची ती निव्वळ हार्डकोर, म्हणजे पंकचाच आणखी वेगवान, ओरडून गायचा प्रकार. रॅप नंतर आलं. त्या शहरात तेव्हा दोन्ही शेजारी-शेजारी होतं आणि शेजार काही गोडीगुलाबीचा नव्हता. १९८१ लाच क्लॅश हे पंकवाले टाइम्स स्क्वेअरमधल्या बॉन्ड्स क्लबमधे वाजवत होते तेव्हा त्यांनी आधी ग्रँडमास्टर फ्लॅश या हिप-हॉपवाल्याला उभं केलं, तर पंकच्या पब्लिकने हुर्यो केली, वस्तू फेकल्या. अकरा वर्षांनी ‘चेक युअर हेड’वर स्लाय स्टोनचं ‘टाइम फॉर लिव्हिन’ हे फंक गाणं दोन मिनिटांच्या आत हार्डकोर करून ओरडत वाजवलंय, त्यात मला ते भांडण मिटलेलं ऐकू येतं. आणि वाद्यं म्हणजे हिप-हॉप नाही असंही तुम्ही ओझरतं म्हणालात, तर १९७९ च्या ‘रॅपर्स डिलाइट’मधे सॅम्पलर नव्हताच, शीक या डिस्को बँडच्या ‘गुड टाइम्स’ची ओळ वादकांना बसवून वाजवून घेतली होती.

एक गोष्ट तुम्ही काढली नाहीत, मीच काढतो. १९८६ च्या ‘लायसन्स्ड टू इल’मधलं बायकांबद्दलचं लिखाण आणि त्यानंतरच्या टूरमधे स्टेजवर पिंजऱ्यात नाचणाऱ्या मुली, याचं समर्थन मी कधी केलं नाही, करणार नाही. बिलबोर्डवर पहिल्या नंबरला गेलेला तो पहिला रॅप अल्बम, आणि मी तो आज पूर्ण ऐकू शकत नाही. १९९९ ला ॲड-रॉकने जुन्या बोलांमधल्या समलैंगिकांच्या टिंगलीबद्दल मासिकात पत्र लिहून माफी मागितली. मागितली हे चांगलं, उशीर झाला हेही खरं.

आणि शेवटच्या गाण्याचं नाव ‘नमस्ते’ आहे त्यावर तुम्ही हसलात. हसा, मीही पहिल्यांदा हसलो होतो, वाटलं आता सतार येणार. सतार येत नाही. याउक संथ तालावर नुसता बोलत राहतो. तेव्हा ते नाव शोभेचं वाटलं होतं, पण तो माणूस पुढे बौद्ध झाला, १९९६ ला सॅन फ्रान्सिस्कोत तिबेटसाठी भला मोठा कार्यक्रम उभा केला, आणि २०१२ ला गेला, त्यामुळे आता ते गाणं लागलं की मी पुढे ढकलत नाही.

तुम्हाला अख्खा अल्बम परत ऐकायला लावणार नाही. नंबर सात, आठ, नऊ एवढीच ऐका, सलग, हेडफोनवर, सहा मिनिटांचं काम आहे. आधी तो साउथसाइडवाला तुकडा, मग बिझ मार्कीचा अर्ध्या मिनिटाचा धिंगाणा, मग लगेच हार्डकोर. त्यानंतरही गच्चीच आठवली तर परत लिहा, आणि या वेळी खाली नाव टाका, म्हणजे दादा की ताई ते तरी ठरेल.