लिंकनच्या अपयशांची यादी, गाळलेल्या ओळींसकट

दहावी-बारावीचे निकाल लागले की व्हॉट्सॲपवर एक यादी हमखास फिरते. एक माणूस २२व्या वर्षी धंद्यात बुडाला, २३व्या वर्षी निवडणूक हरला, २४व्या वर्षी पुन्हा धंद्यात बुडाला, २६व्या वर्षी प्रेयसी वारली, २७व्या वर्षी मानसिक तोल ढळला, मग काँग्रेस (अमेरिकेची संसद), जमीन खातं, सिनेट (तिचं वरिष्ठ सभागृह), उपाध्यक्षपद असे पराभवांवर पराभव, आणि ५१व्या वर्षी तो अमेरिकेचा राष्ट्राध्यक्ष झाला: अब्राहम लिंकन. यादीत धडधडीत थापा कमीच आहेत. खरी गोम आहे ती गाळलेल्या ओळींत.

पहिला धंदा त्याचा नव्हताच. इलिनॉयमधल्या न्यू सेलम गावात डेंटन ऑफटच्या दुकानात तो नोकर होता. दुकान मालकाचं बसलं. दुसरं मात्र खरोखर त्याचं, विल्यम बेरीबरोबर भागीदारीत. तेही बुडालं, १८३५ मध्ये बेरी वारला आणि सगळी देणी लिंकनच्या गळ्यात आली. गमतीनं तो त्यांना ‘राष्ट्रीय कर्ज’ म्हणायचा. फेडता फेडता वर्षं गेली. हा मुद्दा यादीला बिनशर्त देऊन टाकू.

१८३२ चा राज्याच्या विधिमंडळासाठीचा पराभवही खरा: तेरा उमेदवारांत आठवा. पण प्रचाराचे बरेचसे दिवस तो ब्लॅक हॉक युद्धावर (मूळ अमेरिकन टोळ्यांविरुद्धच्या लढाईत) होता, आणि जिथे लोक त्याला ओळखत होते त्या न्यू सेलममध्ये ३०० पैकी २७७ मतं त्याला पडली. पुढे १८३४, १८३६, १८३८ आणि १८४० असा सलग चार वेळा तो राज्याच्या विधिमंडळात निवडून आला. सोयीची नाहीत म्हणून ही वर्षं यादीतून सहसा गायब!

‘२७व्या वर्षी मानसिक तोल ढळला’ हे तर चुकीच्या वर्षावर चिकटवलंय. १८३६ मध्ये तो पुन्हा निवडून आला आणि सप्टेंबरात त्याला वकिलीची सनद मिळाली. खचला होता तो १८४१ च्या जानेवारीत, मेरी टॉडशी ठरलेलं लग्न फिसकटल्यावर. यादीतली ‘प्रेयसी’ ॲन रटलेज १८३५ मध्ये वारली हे खरं. ते प्रेम कितपत होतं यावर अभ्यासक अजून भांडतात.

१८४३ ची उमेदवारी हुकली त्याची गोष्ट यादीपेक्षा कितीतरी रसाळ आहे. काँग्रेसच्या जागेसाठी त्याच्याच काउंटीतल्या (जिल्ह्यातल्या) व्हिग पक्षानं, म्हणजे त्याच्या तेव्हाच्या पक्षानं, एडवर्ड बेकरला पसंती दिली, आणि बेकरची बाजू मांडायला प्रतिनिधी म्हणून पाठवलं कोणाला, तर लिंकनलाच. त्यानं मित्राला लिहिलं: जिच्यावर माझा जीव, तिच्याशी लग्न करणाऱ्याचाच मी करवला झालोय. शेवटी उमेदवारी तिसऱ्याच, जॉन हार्डिनला मिळाली. पुढे हार्डिन, मग बेकर, मग लिंकन अशी पाळी लागली आणि १८४६ मध्ये तो काँग्रेसवर निवडून गेला. १८४८ मध्ये तो ‘हरला’ नाही. पाळी संपली म्हणून उभाच राहिला नाही. १८४९ मध्ये जमीन खात्याचं पद गेलं खरं, पण ओरेगन प्रदेशाचं गव्हर्नरपद चालून आलं होतं. त्यानंच नाकारलं.

सिनेटचे दोन पराभव वाचताना एक गोष्ट ध्यानात हवी: तेव्हा सिनेटर जनता नव्हे, राज्याचं विधिमंडळ निवडायचं. १८५५ मध्ये पहिल्या फेरीत लिंकनच सर्वांत पुढे होता. गुलामगिरीच्या विस्ताराला विरोध करणारी मतं फुटून जागा भलत्याच्या हाती जाऊ नये म्हणून त्यानं आपली माणसं त्याच बाजूच्या लायमन ट्रंबुलकडे वळवली. १८५८ मध्ये प्रतिस्पर्धी स्टीफन डग्लस जिंकला तो विधिमंडळातल्या जागांवर. राज्यभरात लिंकनच्या रिपब्लिकन पक्षाच्या उमेदवारांची एकूण मतं जास्त होती. १८५६ च्या उपाध्यक्षपदाच्या ‘पराभवा’त तर तो पक्षाच्या अधिवेशनाला हजरही नव्हता, आणि तरी ११० मतं पडली.

सगळ्यात मोठी गाळलेली ओळ वकिलीची. जवळजवळ पाव शतक, हजारो खटले. घोडागाडीतून काउंटीकाउंटीच्या कोर्टांना जाणारा हा माणूस १८५० च्या दशकात इलिनॉयच्या नावाजलेल्या वकिलांपैकी होता. इलिनॉय सेंट्रल रेल्वेचा काउंटी-कराचा खटला त्यानं जिंकून दिला आणि पाच हजार डॉलर फी मागितली. कंपनी खळखळ करू लागली तेव्हा त्यानं आपल्याच अशिलावर दावा ठोकला, १८५७ मध्ये पैसे वसूल केले, निम्मे भागीदार हर्न्डनला दिले. आणि त्यानंतरही याच रेल्वेची कामं घेत राहिला.