‘नुसता कॅमेरा ठेवला’ म्हणू नका

सिनेमावरच्या गप्पांत एक मजकूर सारखा फिरतो : ‘अमेरिकेत बोलपट आला आणि विनोद मेला. 1926 ते 1930 मधल्या छोट्या विनोदी बोलपटांत व्हॉडव्हिलच्या नटांसमोर नुसता कॅमेरा ठेवला, काम उरकलं. त्यातच व्हॉडव्हिलही संपलं.’ (व्हॉडव्हिल म्हणजे गाणी, कसरती, विनोदी जोड्या एकाच तिकिटात दाखवणारा रंगमंचावरचा कार्यक्रम.) हे म्हणणं मला मुळीच पटत नाही.

कॅमेरा हलत नव्हता, खरंय. पण का? वॉर्नर स्टुडिओच्या व्हायटाफोन पद्धतीत आवाज 16 इंची तबकडीवर कोरला जायचा, तोही चित्रीकरण चालू असतानाच. मधला तुकडा कापून जोडायची सोय नव्हती. आठव्या मिनिटाला जीभ अडखळली की सगळं पहिल्यापासून. कॅमेऱ्याची घरघर माइकमध्ये येऊ नये म्हणून तो बंद खोक्यात कोंडलेला. अशा वेळी आठ-दहा मिनिटं सलग, न चुकता रंगवणारे नट कुठे मिळणार? व्हॉडव्हिलमध्येच. यात आळस कुठे आला?

‘त्यांना कॅमेरा कळलाच नाही’ असंही म्हणतात. 1929चा ‘लॅम्बचॉप्स’ हा व्हॉडव्हिलमधल्या जोडीचा छोटा बोलपट बघा. दिवाणखान्यात शिरल्या शिरल्या ग्रेसी ॲलन काहीतरी शोधायला लागते. काय शोधतेस, म्हणून जॉर्ज बर्न्स विचारतो. ती म्हणते, प्रेक्षक! तो थेट कॅमेऱ्याकडे बोट दाखवतो. समोर हसायला कुणी नाही, ही नटाची सगळ्यात मोठी अडचण. तिचाच त्यांनी पहिला विनोद केला. 1928च्या ‘द ब्यू ब्रमेल्स’मध्ये शॉ आणि ली ही जोडी चेहऱ्यावरची रेषही न हलवता, खांबासारखी उभी राहून बोलते. तिथे कॅमेरा हलला असता तर मजाच गेली असती.

विनोद मेला म्हणावं, तर 1932 साली छोट्या विनोदपटाचं पहिलं ऑस्कर लॉरेल-हार्डीच्या ‘द म्युझिक बॉक्स’ला मिळालं. तोही बोलपटच.

व्हॉडव्हिलच्या अंतात बोलपटाचा वाटा होताच. पण 1896पासून त्याच थिएटरांच्या कार्यक्रमात सिनेमा होता. घराघरांत रेडिओ आला, 1929 नंतरच्या महामंदीत लोकांचे खिसे रिकामे झाले, हे विसरून कसं चालेल?

व्हायटाफोनची ती आवाजाची तबकडी साधारण 20 खेळांत बाद व्हायची. दर खेळाला लेबलवरच्या एका चौकटीत खूण करायची. पुढे कितीतरी तबकड्या एकीकडे, फिल्म दुसरीकडे, अशी ताटातूट झाली. 1991पासून व्हायटाफोन प्रोजेक्टची मंडळी त्या शोधून जुळवताहेत. एरवी मुक्या राहिलेल्या कितीतरी जोड्या आज पुन्हा बोलताना ऐकू येतात, त्या यांच्यामुळे.