नाउरुहोए म्हणजे माउंट डूम नव्हे

ट्रेकिंगच्या ग्रुपवर एक रील फिरतेय, मला तरी चौघांनी पाठवली. त्यात एक देखणा, अगदी धान्याच्या राशीसारखा निमुळता डोंगर दिसतो आणि वर लिहिलंय की 'लॉर्ड ऑफ द रिंग्ज'मधला माउंट डूम, म्हणजे ज्या ज्वालामुखीत शेवटी ती जादूची अंगठी नष्ट होते तो डोंगर, खरोखर न्यूझीलंडमध्ये आहे, पुस्तकाचा लेखक टोलकीन याने हाच डोंगर बघून तो लिहिला, पिक्चरचं शूटिंग याच्याच माथ्यावर झालं, आता ज्वालामुखी विझलाय, कोणी अडवत नाही, तेव्हा वर चढा आणि विवरात अंगठी टाकून या. डोंगर खरा आहे, नाव नाउरुहोए, उंची साधारण 2,290 मीटर. बाकीचं एकेक करून बघू, कारण मी त्याच्या पायथ्यावरून चालून आलोय आणि आपली मुलं ही रील बघून तिथे जाणारेत.

पहिलं, टोलकीनने बघून लिहिलं. टोलकीन न्यूझीलंडला आयुष्यात कधी गेलेच नाहीत. जन्म 1892 चा दक्षिण आफ्रिकेतला, आयुष्य गेलं इंग्लंडात. आणि मॉर्डोर, म्हणजे माउंट डूम ज्या मुलखात आहे तो, नकाशावर कुठे धरायचा याचा अंदाज त्यांनीच देऊन ठेवलाय, 1967 च्या एका पत्रात ते म्हणतात की गोष्टीतल्या नायकाचं गाव हॉबिटन साधारण ऑक्सफर्डच्या अक्षांशावर धरलं तर गोष्टीतलंच मिनास तिरिथ शहर येतं फ्लॉरेन्सच्या अक्षांशावर. मॉर्डोर मिनास तिरिथच्या लगेच पूर्वेला, म्हणजे उत्तर गोलार्धात, भूमध्य समुद्राच्या पट्ट्यात. इटलीत एटना आहे, स्ट्राँबोली आहे, तिकडे बोट दाखवलं असतं तर निदान दिशा तरी बरोबर असती.

यावर एकाने मला पुरावा म्हणून पाठवलं की नाउरुहोएचा मोठा उद्रेक 1954-55 चा आणि पुस्तकही 1954-55 चं, मग हा योगायोग कसा? तारखा दोन्ही बरोबर आहेत. पण ते वर्ष छापून आल्याचं. लिहायला सुरुवात 1937 च्या शेवटी झाली आणि 1949 पर्यंत सगळं लिहून झालं होतं, गोष्टीचा नायक फ्रोडो त्या डोंगरावर चढून उतरलासुद्धा होता. नाउरुहोए पेटला मे 1954 मध्ये. पाच वर्षांनंतरचा उद्रेक बघून आधीच लिहून झालेलं पुस्तक कसं लिहिणार?

आता शूटिंग. इथे अर्धं खरं आहे म्हणून लोक फसतात. लांबून दिसणाऱ्या डोंगरासाठी नाउरुहोएचा आकार वापरला हे खरं, पण माथ्यावर शूटिंग झालेलं नाही, कारण माओरी लोकांसाठी, म्हणजे तिथल्या मूळ रहिवाशांसाठी, ते शिखर पवित्र आहे. मॉर्डोरचे उतार म्हणून आपण जे बघतो त्यातलं बरंच शेजारच्या रुआपेहू पर्वतावर, फाकापापाच्या स्की एरियात घेतलंय, आणि धगधगता माउंट डूम म्हणजे मॉडेल आणि कॉम्प्युटर. शिवाय पुस्तकात अंगठी वरच्या विवरात टाकतच नाहीत, डोंगराच्या कुशीत दरवाजा आहे, त्यातून आत गेल्यावर खोल भेग येते, तिथे सगळं घडतं. नाउरुहोएच्या विवरात लाव्हाचं तळंबिळं काही नाही, तिथे टाकलेली अंगठी म्हणजे निव्वळ कचरा.

विझलाय हे वाक्य मात्र सगळ्यात घातक. आपण सह्याद्रीत वाढलेली माणसं, आपला काळा कातळ लाव्हाचाच, पण तो थंड होऊन साडेसहा कोटी वर्षं झाली, त्यामुळे ज्वालामुखीची भीती आपल्या अंगात नाहीच. नाउरुहोए 1975 मध्ये जोरात फुटलाय, ही आपल्या आईवडिलांच्या आठवणीतली गोष्ट. तो टोंगारिरो या मोठ्या ज्वालामुखीचाच भाग, आणि टोंगारिरोची ते मारी विवरं शंभरेक वर्षं गप्प होती ती 6 ऑगस्ट 2012 च्या रात्री उडाली, ट्रेकर्सच्या मुक्कामाच्या केटेटाही हटच्या छपरातून दगड आत आले. नशिबाने आत कोणी नव्हतं. त्याच नोव्हेंबरमध्ये पुन्हा उडाली तेव्हा भरदिवसा ट्रेलवर माणसं होती, शाळेची मुलंसुद्धा.

आणि उद्रेक सोडा, नुसता उतार बघा. मी टोंगारिरो क्रॉसिंग केलं, म्हणजे नाउरुहोएच्या पायथ्यावरून टोंगारिरो ओलांडणारा ट्रेक, जवळपास 20 किलोमीटरची चाल आहे. त्यात रेड क्रेटरवरून खाली उतरताना पायाखाली नुसती राख आणि खडी, टाच रोवली की घोट्यापर्यंत आत जाते आणि तुमच्याबरोबर सगळा उतारच सरकायला लागतो, एक नारळाएवढा दगड माझ्या मागच्या माणसाच्या पायाखालून सुटला आणि टण टण उड्या मारत माझ्या डाव्या बाजूने गेला, त्याचा आवाज अजून कानात आहे. नाउरुहोएचा अख्खा शंकू तसाच, पण याहून कितीतरी उभा आणि लांब. आपल्याकडे घसाऱ्यावर निदान कारवी नाहीतर गवत तरी हाताला लागतं, तिथे धरायला काहीच नाही.

राहिला शेवटचा मुद्दा, कोणी अडवत नाही. कायद्याने बंदी नाही हे बरोबर. पण विनंती स्पष्ट आहे, शिखरावर चढू नका, आणि वर जाणाऱ्या वाटेच्या खुणाही काढून टाकल्यात. विनंती कोणाची तर नाती तुफारेतोआ या माओरी लोकांची. त्यांचे प्रमुख ते हेउहेउ तुकिनो चौथे यांनी 1887 मध्ये ही शिखरं तुकड्यातुकड्याने विकली जाऊ नयेत म्हणून सरकारच्या हवाली केली, त्यातूनच टोंगारिरो नॅशनल पार्क उभं राहिलं. त्यांच्यासाठी हे डोंगर पूर्वज आहेत.

हे आपल्याला कोणी वेगळं समजावून सांगायला नको. वणीच्या सप्तशृंगीच्या शिखरावर कीर्तिध्वज लावायला ठरलेल्या घराण्यातलाच माणूस चढतो, बाकी आपण सगळे खालून हात जोडतो. उद्या परदेशातलं कोणी येऊन म्हणालं की आमच्या पिक्चरमध्ये हा डोंगर होता, आम्ही वर जाऊन सेल्फी काढणार, तर आपल्याला कसं वाटेल?

टोलकीन माझाही जीव की प्राण आहे, मी पुस्तक तीनदा वाचलंय. न्यूझीलंडला जाणार असाल तर जरूर जा, हॉबिटनचा सेट माटामाटाला आहे, तो लोकांनी बघायलाच ठेवलाय. क्रॉसिंगही करा, हवामान बघून, गरम कपडे घेऊन. साउथ क्रेटरच्या सपाटीवर पोचलात की उजवीकडे नाउरुहोए अख्खा समोर उभा असतो, माथ्याजवळ तांबूस, खाली काळा. मी तिथे अर्धा तास बसलो होतो.