हौशी क्रिकेटर व्हायचंय? मग बिलबुक घ्या

गेल्या रविवारी आमच्याकडच्या टेनिस बॉल टूर्नामेंटला मी सकाळी सातपासून अंधार पडेपर्यंत स्कोअरिंग केलं. 500 रुपये ठरले होते, हातात नारळ दिला (दोन्ही अर्थांनी). वर आयोजक साहेब म्हणतात, अहो तुम्ही तर खेळाच्या प्रेमापोटी करता, पैशाचं काय घेऊन बसलात! हेच साहेब हिशोबात स्वतःचा प्रवासखर्च लावून मोकळे. राहतात कुठे, तर ग्राउंडच्या समोर.

तर मित्रांनो, असं थोर व्हायचं असेल तर एकोणिसाव्या शतकातल्या इंग्लंडमधले डॉ. डब्ल्यू. जी. ग्रेस यांचा आदर्श ठेवा. हौशी म्हणजे ॲमॅच्युअर क्रिकेटर. जंटलमन!

आधी दाढी वाढवा.

मग डॉक्टर व्हा, पण घाई नको. ग्रेस साहेब 1879 मध्ये एकदाचे पास झाले, तेव्हा वय 31.

पैसे कधीही मागू नका. ‘खर्च’ मागा. हा मुद्दा नीट समजून घ्या. 1873 ला टीम ऑस्ट्रेलियाला निघाली, साहेबांचं नुकतंच लग्न झालेलं, म्हणजे हनीमून पण त्यातच उरकला. साहेबांना 1500 पौंड आणि वर सगळा खर्च. त्याच टीममधल्या प्रोफेशनल लोकांना, म्हणजे जे उघडपणे पैसे घेऊन खेळतात त्या हलक्या लोकांना, 150 पौंड आणि 20 पौंड हातखर्चाला. बोटीवर हे फर्स्ट क्लास, ते सेकंड क्लास. 1891 च्या दौऱ्याला 3000 पौंड, शिवाय बायकापोरांचा खर्च वेगळा. 1895 मध्ये लोकांनी वर्गणी काढून 9000 पौंडांच्या वर दिले. आणि हा माणूस हौशी बरं का! 1896 मध्ये 5 प्रोफेशनल्स म्हणाले लंडनच्या ओव्हल ग्राउंडवरच्या टेस्टचे 10 नाही 20 पौंड द्या, तर केवढा गहजब, पैशाला हपापलेत म्हणे, तिघांनी मुकाट माघार घेतली आणि दोघं बाहेर बसले. म्हणजे घाम गाळून 20 मागितले की लोभी, न मागता हजारो आले की खेळाची सेवा.

हौशी आणि प्रोफेशनल यांचं गेट वेगळं ठेवा, ड्रेसिंग रूम वेगळी ठेवा. स्कोअरकार्डवर इनिशियल्स आडनावाच्या आधी की नंतर यावरून माणसाची जात कळली पाहिजे. (आपण हसू नये. ज्या पुण्यात दलित म्हणून बॉलर पाळवणकर बाळूला पॅव्हेलियनबाहेर मातीच्या भांड्यात चहा दिला, तिथे हे कुणाला शिकवायची गरजच नव्हती.)

एखादा बॅट्समन पिच ठोकायला क्रीझबाहेर गेला की बेल्स उडवा. 1882, ओव्हल, ऑस्ट्रेलियाचा सॅमी जोन्स. मग त्यांचा बॉलर स्पॉफर्थ चिडून मॅचमध्ये 14 विकेट काढतो आणि आपण 7 रनांनी हरतो, पण ते सोडा.

दुसऱ्या टीमचा प्लेयर आवडला तर लॉर्ड्सवरून गाडीत घालून थेट ओव्हलला आणा. ऑस्ट्रेलियन टीममधल्या बिली मिडविंटरला 1878 मध्ये आणला तसा.

हां, आणि खेळायला पण यावं लागतं. 1876 च्या ऑगस्टमध्ये या बाबाने लागोपाठ 344, 177 आणि नाबाद 318 मारलेत, तेही असल्या पिचवर की आपण उभं राहायला घाबरू. तेवढं जमत असेल तर तुमचं बिल मी स्वतः पास करतो.

पण तुम्हाला तेवढं जमत नाही ना आयोजक साहेब. तुम्ही परवा पहिल्याच बॉलला बोल्ड झालात आणि ट्रायल बॉल होता म्हणून परत उभे राहिलात, मी स्कोअरबुकात लिहिलंय. इंग्लंडवाल्यांनी सुद्धा हे हौशीचं नाटक 1962 मध्ये बंद केलं. तुमचं अजून चालूच. अंपायरिंग करणाऱ्या पोराला पण तुम्ही नारळच दिलात, त्याने त्या दिवशीची रोजंदारी बुडवली होती, माहितीये का? प्रेम करायचं आम्ही आणि पेट्रोल भरायचं तुमच्या गाडीत? लाज वाटू द्या जरा. त्याचे आधी द्या, मग माझे 500. नारळ आणून देतो परत, अजून फोडला नाहीये.