‘हाकला त्यांना’ म्हणण्याआधी

३१ ऑक्टोबर २०१३ रोजी गोव्यात पर्वरीला नायजेरियनांनी महामार्ग अडवला. पर्रा इथे खून झालेल्या सोबत्याचा मृतदेह त्यांनी शववाहिकेतून काढून रस्त्यावर ठेवला होता. ‘हाकला त्यांना’ अशी भाषा सुरू झाली, एक मंत्री तर त्यांना कॅन्सर म्हणून मोकळे झाले. व्हिसा, ड्रग्ज हे प्रश्न खरेच आहेत, पण जमाव का पेटतो ते त्यातून कळत नाही.

त्यासाठी १९६७ ची अमेरिका बघा. १२ जुलैला न्यूअर्कमध्ये एका कृष्णवर्णीय टॅक्सीवाल्याला पोलिसांनी फरपटत चौकीत नेलं. समोरच्या सरकारी घरकुलांतले लोक बघत होते. तो मेला, ही आवई टॅक्सींच्या वायरलेसवरून गावभर झाली. कार्यकर्त्यांनी आत जाऊन त्याला जिवंत पाहिलं, दवाखान्यातही पाठवायला लावलं, पण बाहेरच्यांना कोण सांगणार? दंगल पेटली, २६ माणसं गेली. डेट्रॉइटमध्ये २३ जुलैच्या पहाटे बेकायदा दारूअड्ड्यावर छापा पडला. आत निघाले ८० हून जास्त लोक. गाड्या पुरेनात, खेपा मारता मारता तास गेला नि तेवढ्यात रस्ता भरला. ४३ मृत्यू, ७ हजारांवर अटका.

या दंगलींच्या चौकशीसाठी सरकारने नेमलेल्या केर्नर आयोगाला यामागे कुणाचा कट सापडला नाही. सापडली ती पोलिसांची वागणूक, बेकारी आणि घरांची आबाळ. कृष्णवर्णीय वस्त्या १९३० च्या दशकातच सरकारी नकाशांवर लाल रंगवल्या गेल्या होत्या, म्हणजे तिथं घरकर्ज जवळपास बंद. दंगलीनंतर विमावाल्यांनीही पाठ फिरवली. १९६८ मध्ये त्यासाठी कायदा करावा लागला. जळालेली दुकानं कित्येक ठिकाणी पुन्हा उघडलीच नाहीत, त्याचा भुर्दंड पडला त्याच वस्तीला.

आता आपल्याकडे. परदेशी भाडेकरू आला की घरमालकाने २४ तासांत त्याच्या माहितीचा फॉर्म सरकारकडे भरायचा असतो. तो चुकवून वर दुप्पट भाडं घेणारा घरमालक पोलिसांचं काम तर वाढवतोच, शिवाय भाडेकरूलाही बिनकागदाचा करून ठेवतो. असा माणूस मार खाल्ला तरी ठाण्यात जाणार नाही, आपल्या माणसांना गोळा करील.

अटक झाली तर अटकेच्या नोंदीवर, म्हणजे मेमोवर, साक्षीदाराची सही आणि जवळच्या माणसाला खबर, हे कायद्यातच आहे. परदेशी असेल तर दूतावासाला कळवण्याचा त्याचा हक्क त्याला सांगावा लागतो. हे पहिल्या तासात झालं तर उपयोग. ठाण्याबाहेर गर्दी जमल्यावर दूतावासाचा नंबर शोधत बसण्यात काय अर्थ आहे?