आठ मतपत्रिका आणि मावशीचं फॉरवर्ड

काल रात्री पावणेबाराला मावशीचं फॉरवर्ड आलं. माहितीपटाचा एक तुकडा, खाली मजकूर: अमेरिकन फिल्मवाल्यांनी ‘आपलं’ ईव्हीएम मेमरी कार्डाने हॅक करून दाखवलं, फिल्मवर बंदी आली, अमेरिकेने मशीनं फेकून दिली, तेव्हा मतदानाला जाऊन उपयोग नाही. वर मावशीचा फोन, "मग मी कशाला उन्हात उभी राहू?" म्हणून हा खटाटोप.

तुकडा ‘हॅकिंग डेमॉक्रसी’ या २००६च्या माहितीपटातला. आणि ते आपलं ईव्हीएम नाही हो! मशीनच्या तोंडात कागद सरकवताना दिसतायत. ईव्हीएममध्ये कागद कुठून घालणार? ते डीबोल्ड कंपनीचं स्कॅनर. हाताने भरलेली मतपत्रिका वाचायची आणि बेरीज कार्डावर ठेवायची, एवढंच त्याचं काम. १३ डिसेंबर २००५, फ्लोरिडातली लिऑन काउंटी. हॅरी हर्स्टी या फिनलंडच्या तज्ज्ञाने कार्डात आधीच एका बाजूला अधिक ५ आणि दुसऱ्या बाजूला उणे ५ मतं भरून ठेवली. बेरीज शून्य, आणि मतदानाआधी मशीन सगळी मतं शून्य असल्याची जी पट्टी छापतं, तीही कार्डातल्या फेरफारामुळे शून्यच दाखवत होती, म्हणजे संशयाला जागाच नाही. मग ८ मतपत्रिका घातल्या. प्रश्न: या मशीनची मतं कार्डाने फिरवता येतात का? कागदावर २ हो, ६ नाही. मशीनने छापलं ७ हो, १ नाही.

लबाडी कळली कशी? त्याच ८ कागदांवरून. फॉरवर्ड करणाऱ्या महाभागाने नेमका हाच भाग कापलाय.

मशीनं फेकली वगैरे काही नाही. अमेरिकेत आजही बहुतेक मतं कागदावर आणि मोजणी स्कॅनरवर. बंदीचं म्हणाल तर फिल्म दाखवू नका असं डीबोल्डने एचबीओ या अमेरिकन टीव्ही वाहिनीला सांगितलं होतं, एचबीओने नोव्हेंबर २००६मध्ये दाखवलीच.

बरं, सगळंच थाप नाही, हेही कबूल करायला हवं. कार्डाची युक्ती खरोखर चालते, असं कॅलिफोर्निया सरकारने नेमलेल्या संगणकतज्ज्ञांनीही २००६मध्ये तपासून सांगितलं. आपलं ईव्हीएम हाती लागलं तर त्यातही ढवळाढवळ करता येते, हे हैदराबादचे तंत्रज्ञ हरी प्रसाद आणि सहकाऱ्यांनी २०१०मध्ये दाखवलं. पण तेव्हा व्हीव्हीपॅट, म्हणजे मत कुणाला गेलं त्याची चिठ्ठी छापणारं यंत्र, नव्हतं. आज दर विधानसभा क्षेत्रामागे ५ व्हीव्हीपॅटच्या चिठ्ठ्या मोजतात. सगळ्या मोजा ही मागणी सर्वोच्च न्यायालयाने २६ एप्रिल २०२४ला फेटाळली. मला तो निकाल पटलेला नाही. भांडायचं तर त्यावर भांडा की! घरी बसलात तर मोजायला चिठ्ठीच उरणार नाही.

मावशीला एवढंच सांगितलं की बटण दाबल्यावर काचेमागे ७ सेकंद चिठ्ठी दिसते, ती नीट बघ.

"७च सेकंद? मग चष्मा न्यायला हवा," म्हणाली.